दुसऱ्याच्या तोंडचा फुगा

परदेशी मुलीकडे राहायला गेलेल्या बापाला पहिले आठ दिवस पाहुण्याचा मान असतो. नवव्या दिवशी त्याला कचऱ्याच्या पिशव्यांचे रंग समजावून सांगतात आणि तिथून त्याचा मान संपून उपयोग सुरू होतो. अँटवर्पला आमच्या मुलीकडे गेलो तेव्हा माझे असे दोन उपयोग निघाले. एक, निळी पिशवी ठरल्या दिवशी दाराबाहेर ठेवणं. आणि दुसरा, नातीने वाचनालयातून आणलेली चित्रकथांची पुस्तकं परत करणं. पहिल्या कामात मी दोनदा चुकलो. दुसऱ्या कामात एकदाही चुकलो नाही. फक्त दहा मिनिटांच्या वाटेला मला दोन तास लागायचे, कारण वाटेत एक बाक होतं आणि त्या बाकावर बसून मी ती सगळी पुस्तकं पाहायचो.

'वाचायचो' असं लिहिलं नाही, कारण मला डच येत नाही. बेल्जियमच्या उत्तर भागाला फ्लँडर्स म्हणतात, तिथले लोक फ्लेमिश, आणि ते बोलतात ती भाषा डच. निदान शाळेच्या पुस्तकावर तरी डच. हॉलंडच्या माणसाने ती ऐकली की त्याच्या चेहऱ्यावर जो भाव उमटतो, तो मी सोलापुरातून पुण्याला शिकायला आलो तेव्हापासून ओळखतो. त्यामुळे फ्लेमिश लोकांबद्दल मला पहिल्या दिवसापासूनच घरचा जिव्हाळा वाटला.

पाहून जे कळायचं नाही ते रात्री जेवताना सई सांगायची. सई दहा वर्षांची आहे. ती मराठी उत्तम बोलते, फक्त 'गणपती' म्हणताना घसा खाकरते. तिचे सगळ्यांत लाडके दोघे म्हणजे सुस्के आणि विस्के. सुस्के हा मुलगा, विस्के ही मुलगी. विस्के हट्टी, तोंडाळ, कायम एक कापडी बाहुली काखेत मारून फिरणारी. ती सिडोनिया नावाच्या मावशीकडे राहते. मावशी काडीसारखी बारीक, पावलं मात्र होडीएवढी. आणि यांच्याबरोबर असतो लांबिक. हा लांबिक १९४६ साली गोष्टीत आला तो प्लंबर म्हणून, आणि पुढे नळ दुरुस्त करायचं सोडून जगाची चिंता वाहायला लागला. टक्कल, त्यावर मोजून चार-सहा केस, अंगात बढाई अफाट, अक्कल बेताची आणि मन सोन्यासारखं. पहिल्यांदा त्याचं चित्र पाहिलं तेव्हा सईने पुस्तक माझ्या कानाशेजारी धरलं, एकदा त्याच्याकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे पाहिलं, आणि काहीही न बोलता पान उलटलं. आमच्या हिला मात्र तेवढं पुरलं. ती अजून हसते आहे.

हे सगळं विली व्हान्डरस्टेन या माणसाचं. १९१३ साली अँटवर्पच्या सेफहूक नावाच्या गरीब वस्तीत जन्मला. सुस्केला राग आला की तो 'चलो सेफहूक' अशा अर्थाची आरोळी ठोकून शत्रूवर तुटून पडतो, ती तीच वस्ती. टिनटिनचे जनक एर्जे यांनी व्हान्डरस्टेनला चित्रकथांचा ब्रॉयगेल म्हटलं होतं. ब्रॉयगेल म्हणजे फ्लँडर्सचा सोळाव्या शतकातला थोर चित्रकार, शेतकऱ्यांच्या लग्नाच्या पंगती रंगवणारा. एका चित्रकाराने दुसऱ्याचं इतकं कौतुक करावं ही आपल्याकडच्या साहित्य-संमेलनांतून न दिसणारी गोष्ट असल्याने नोंदवून ठेवतो.

आता मुद्द्याकडे येतो. मुद्दा रिकीपासून सुरू होतो.

ही चित्रकथा वर्तमानपत्रात ३० मार्च १९४५ रोजी सुरू झाली तेव्हा तिच्यात सुस्के नव्हताच. तिचं नाव होतं 'रिकी आणि विस्के'. रिकी हा विस्केचा थोरला भाऊ. एक गोष्ट संपली, आणि व्हान्डरस्टेनला वाटलं की हा पोरगा टिनटिनसारखा फार दिसतो. मग दुसऱ्या गोष्टीच्या सुरुवातीला रिकी रेशनचं कुपन घेऊन बूट आणायला घराबाहेर पडतो, आणि परत येत नाही. त्याच गोष्टीत सुस्के भेटतो आणि पुस्तकाच्या नावावरची जागा घेतो. बूट आणायला गेलेल्या रिकीची कोणी पोलिसात तक्रारसुद्धा दिली नाही.

रेशनच्या रांगेत उभं करून आईवडील विसरून गेले, हा प्रकार मी लहानपणी स्वतः भोगला आहे. पण अंधार पडला की आमच्या आईला आठवण व्हायची. मी सईला विचारलं, "मग त्या रिकीचं पुढे काय झालं?"

"आजोबा, तो आता गोष्टीत नाही," सई म्हणाली आणि वरणाला हात घातला.

त्या रात्री मला झोप आली नाही. वरणामुळे असेल. पण पडल्या पडल्या विचार येत राहिला, की चित्रातल्या माणसावर हक्क कोणाचा? ज्याने काढला त्याचा, हे वरवर सोपं उत्तर. बापाने काढला, बापानेच घालवला. पण बाप गेल्यावर? व्हान्डरस्टेनने १९७२ साली सुस्के-विस्के आपल्या हाताखालच्या पॉल गेर्ट्सकडे सोपवले, १९९० साली तो वारला, पुढे आणखी हात बदलले. पोरं अजून तेवढ्याच वयाची आहेत. योमेके नावाच्या, गवताच्या छपरासारखे केस असलेल्या आणखी एका फ्लेमिश पोराचंही तेच. त्याचे जनक येफ नेइस २००९ साली गेले, योमेके मात्र पोपट खांद्यावर घेऊन फिरतोच आहे. याउलट मार्क स्लेन. त्यांनी १९४७ पासून ४५ वर्षं नेरो हा एकच माणूस एकहाती काढला. नेरो म्हणजे वाढलेल्या पोटाचा, डोक्यावर दोनच केस असलेला, खाण्याचा लोभी गृहस्थ. त्याच्या गोष्टीचा शेवट वाफलच्या पंगतीने होतो. शेवटची काही वर्षं स्लेननी दुसरा चित्रकार हाताशी घेतला आणि २००२ सालच्या अखेरीला मालिका थांबवली. पोरं दत्तक देणारा एक बाप, आणि आपल्या डोळ्यांदेखत दुकान बंद करणारा दुसरा बाप. मला दोन्ही पटतात. निवृत्त माणसाला बहुतेक सगळंच पटतं.

पण हा झाला शिष्टसंमत मामला. खरी गंमत फोनमध्ये आहे. सईने एकदा आपल्या आईच्या फोनवर मला दाखवलं. या जुन्या पुस्तकांतली एकेक चौकट लोक कापून घेतात, पात्राच्या तोंडून निघालेल्या फुग्यातले शब्द पुसतात, तिथे आपले शब्द भरतात आणि जगभर सोडून देतात. सत्तर वर्षांपूर्वी एखाद्या राक्षसाला पाहून किंचाळलेली सिडोनियामावशी आता विजेचं बिल पाहून किंचाळते. ज्यांनी जन्मात एक पुस्तक उघडलं नाही त्यांनाही ती चौकट पाठ. व्हान्डरस्टेनची सुरुवातीची पात्रं अँटवर्पच्या गावठी बोलीत बोलायची. हॉलंडमध्ये खप वाढावा म्हणून पुढे धंदेवाल्यांनी ती बोली घासूनपुसून प्रमाण डच केली. आता फोनवरची पोरं फुगा पुसून तिथे पुन्हा आपल्या गल्लीची बोली भरतात. हा सूड म्हणावा की श्राद्ध म्हणावं, मला ठरवता आलं नाही.

आणि मग एके दिवशी मीच फुग्यात सापडलो.

झालं असं, की पुण्याहून निघताना आम्ही तीन डबे चकल्या नेल्या होत्या. त्यातला एक मी माझ्या बॅगेत, औषधांच्या खाली, फक्त सुरक्षिततेसाठी ठेवला होता. तो सईला सापडला. दुसऱ्या दिवशी घरच्या ग्रुपवर चित्र आलं. व्हान्डरस्टेनच्या 'दे विल्डे वेल्डूनर' या पुस्तकाचं मुखपृष्ठ. नावाचा अर्थ सुटलेला, बेभान दाता असा काहीतरी. या पुस्तकांच्या नावांत त्यांना अनुप्रासाची फार हौस, तेव्हा आपण 'दिलदार दाता' म्हणू. मूळ चित्रात पांढरा झगा घातलेला माणूस नाणी उधळतो आणि खाली लोक ती वेचतात. सईने वर माझं डोकं चिकटवलं होतं. नाण्यांच्या जागी चकल्या. खाली वेचायला माझा जावई, माझी मुलगी आणि गुडघ्यातून वाकलेली आमची ही. माझ्या तोंडच्या फुग्यात मराठीत लिहिलं होतं, 'एकेकाने अर्धीच घ्या!'

मी मनापासून हसलो. ही हसली नाही. तिचं म्हणणं, तिचा गुडघा एवढा वाकत नाही हे सगळ्या जगाला माहीत आहे.

जावई मात्र चित्र पाहून म्हणाले, "बाबा, हेच मुखपृष्ठ कोर्टात गेलं होतं." आणि त्यांनी जी हकिगत सांगितली तिच्यापुढे माझ्या चकल्या फिक्या पडल्या.

९ जानेवारी २०११ रोजी गेंट शहरात महापालिकेचा नववर्षाचा स्नेहमेळावा होता. तिथे 'व्लाम्स बेलांग' या कडव्या उजव्या पक्षाचे योहान डेकमाइन यांनी दिनदर्शिका वाटल्या. तिच्यावर हेच चित्र, थोडं बदललेलं. दात्याच्या जागी गेंटचे महापौर. आणि खाली नाणी वेचणारे जे मूळ चित्रात साधे लोक होते, त्यांच्या जागी बुरखे घेतलेल्या बायका आणि काळ्यासावळ्या वर्णाची माणसं. मथितार्थ असा, की आपल्या घामाचा पैसा महापौर या परक्यांवर उधळतात. व्हान्डरस्टेनच्या वारसांनी दावा लावला. डेकमाइन म्हणाले, हे तर विडंबन, आणि विडंबनाला कायद्यात मोकळीक आहे. भांडण ब्रुसेल्सहून लक्झेंबर्गला युरोपीय न्यायालयात गेलं, आणि ३ सप्टेंबर २०१४ रोजी तिथल्या न्यायमूर्तींनी विडंबन म्हणजे काय ते ठरवून दिलं.

विनोदाची व्याख्या न्यायाधीशांनी करावी, यावर आधी माझाच विश्वास बसेना. मी बँकेत असताना आमचे एक साहेब विनोद सांगण्यापूर्वी 'आता एक विनोद सांगतो' अशी नोटीस द्यायचे, त्याची आठवण झाली. पण निकाल मोठा शहाणा निघाला. विडंबनाच्या खुणा दोनच. त्याने मूळ कृतीची आठवण करून द्यावी, पण तिच्याहून वेगळं दिसावं. आणि त्यात विनोद किंवा टवाळी असावी. बास. ते थोर असायला नको, मूळ कृतीचीच थट्टा त्यात असायला हवी असंही नाही. इथवर 'झेंडूची फुले' वाचून वाढलेल्या माझ्यासारख्याने टाळीच वाजवावी. पण पुढे न्यायालय म्हणालं की एका पारड्यात बोलणाऱ्याचं स्वातंत्र्य ठेवायचं, तर दुसऱ्यात ज्याची कृती आहे त्याचे हक्क. आणि चित्रातून वर्णावरून किंवा वंशावरून माणसांना हिणवणारा संदेश जात असेल, तर आपल्या चित्राचं नाव त्याच्याशी जोडलं जाऊ नये असं वाटणं हे वारसांचं रास्त हित आहे. तोलायचं काम मात्र तिथल्या तिथल्या न्यायालयाने करावं.

"म्हणजे वारस सज्जन," मी म्हटलं.

"वारस असतील," जावई म्हणाले, "पण व्हान्डरस्टेनचं ऐका."

जर्मन फौजा बेल्जियमवर ठाण मांडून होत्या त्या काळात 'काप्रून' या टोपणनावाने काही ज्यूद्वेष्टी व्यंगचित्रं निघाली होती. ती काढणारा हात व्हान्डरस्टेनचाच, हे २०१० साली पक्कं झालं. माणूस जाऊन वीस वर्षं झाल्यावर. आणि त्याच्या पुढच्याच वर्षी त्याच्या वारसांनी, त्याच्या चित्रात कोणी परक्यांना हिणवतं म्हणून, कोर्टाची पायरी चढली.

यावर दोन दिवस मी बाकावर बसून विचार केला. त्या दोन दिवसांत पुस्तकं वाचनालयात पोचलीच नाहीत. एक मन म्हणे, हा ढोंगीपणा आहे. ज्याने स्वतः टोपणनावाआड तसली चित्रं काढली, त्याच्या चित्राचं सोवळं काय सांगता? दुसरं मन म्हणे, चूक बापाची, लांबिकची नाही. लांबिकने आयुष्यात मूर्खपणा केला, दुष्टपणा केला नाही. बाप एकदा शिवी देऊन गेला म्हणून त्याच्या पोराच्या तोंडी शिवी घालायचा परवाना शेजाऱ्याला मिळतो थोडाच? आणि ज्यांना बापाचं ते पाप माहीत आहे, त्यांनी तर जास्तच जपायला हवं. मला दुसरं मन पटलं. पण पहिलं मन गप्प बसलं असं नाही. ते अजून अधूनमधून बोलतं, आणि त्याला काही अगदीच तथ्य नाही असं म्हणवत नाही.

एक गोष्ट मात्र तेव्हा माझ्या ध्यानात आली नव्हती. त्या खटल्यात सगळे बोलले. चित्र बदलणारे बोलले, वारस बोलले, न्यायमूर्ती बोलले. नाणी वेचायला ज्यांना वाकवलं होतं त्यांना कोणी विचारल्याचं जावयांच्या हकिगतीत नव्हतं, आणि मलाही ते विचारायचं सुचलं नाही.

नव्वद दिवसांचा व्हिसा संपला, आम्ही पुण्याला परतलो. आल्या आल्या मी सईचं चित्र आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर टाकलं. का टाकलं? नात हुशार आहे हे सांगायला, आणि आपण अँटवर्पला जाऊन आलो हेही सांगायला. दुसरं कारण पहिलं होतं. लोकांनी वाहवा केली. ग्रुपवर तीन-चार दिवस मला सगळे 'दिलदार दाते' म्हणत होते.

दिवाळी आली. सोसायटीत दरवर्षीप्रमाणे वॉचमन, झाडणाऱ्या बायका आणि कचरेवाले यांच्या पोस्तावरून वाद सुरू झाला. यंदा किती द्यायचं, मुळात द्यायचं का, गेल्या वर्षी दिलं होतं तर पुन्हा कशाला, वगैरे. त्या गदारोळात एका दुपारी माझं चित्र ग्रुपवर परत आलं. मी जेवून आडवा झालो होतो, चष्मा टेबलावर. पांढरा झगा दिसला, माझं टक्कल दिसलं. आपली कीर्ती अजून टिकून आहे असं वाटलं, म्हणून हसरा चेहरा पाठवून दिला आणि झोपलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी सुमनबाई पोळ्या लाटता लाटता म्हणाल्या, "काका, ते चित्रात तुम्हीच ना?"

"कुठल्या?"

"पैसे फेकताय ते. वॉचमनदादांच्या फोनवर आलंय. माझ्या पोराने दाखवलं. म्हणाला, आई, खाली हातात झाडू धरून वाकलीय ती तू."

मी चष्मा लावला. चकल्या जाऊन पुन्हा नाणी आली होती. मुलगी, जावई, ही, सगळे गेले होते. त्यांच्या जागी खाकी कपड्यातला वॉचमन, झाडूवाल्या, पदर खोचलेल्या बायका, एकमेकींना ढकलून वेचणाऱ्या. आणि माझ्या तोंडच्या फुग्यात लिहिलं होतं, 'ओरबाडा! यंदाचं पोस्त हेच!' खाली हसऱ्या चेहऱ्यांची रांग. मी मोजले. सत्तावीस. अठ्ठाविसावा माझा.

लक्झेंबर्गच्या दोन्ही खुणा चोख होत्या. मूळ चित्राची आठवण होत होती, वेगळेपण दिसत होतं, आणि विनोदही होता, सत्तावीस लोक त्याची साक्ष देत होते. मी ग्रुपवर लिहिलं, की हे चेहऱ्याने मी असलो तरी तोंडाने मी नाही, आणि काल चष्म्याशिवाय हसलो ते मागे घेतो. दोन मिनिटांत उत्तर आलं, 'काका, जोक आहे, मनावर घेऊ नका.' दुसरं आलं, 'चित्र तर तुम्हीच टाकलं होतं ना?' पहिल्याला मी उत्तर दिलं नाही. दुसऱ्याला देता आलं नाही.

स्वयंपाकघरात गेलो. काय बोलावं सुचेना. शेवटी म्हणालो, "सुमनबाई, मूळ चित्र असं नव्हतं हो."

"कसं होतं?"

सईचं चित्र काढून त्यांच्यापुढे धरलं. त्यांनी पिठाचे हात लांब ठेवून मान पुढे करून बारकाईने पाहिलं. आमच्या हिचा वाकलेला गुडघा दिसल्यावर तोंडाला पदर लावून हसल्या. मग पुन्हा चकल्यांकडे पाहायला लागल्या.

"ह्या मी तळलेल्या का?"

"तुम्हीच तळलेल्या. तीन डबे."

"मग यात मी कुठंय?"

मी काही म्हणणार एवढ्यात त्यांनी लाटणं ठेवलं. "सईताईंना सांगा, मला घालायची तर वर घाला. कढईपाशी. हातात झारा पाहिजे. आणि तुम्ही खाली, यांच्यासंगं." थोडा विचार करून पुढे म्हणाल्या, "साडी हिरवी काढायला सांगा. पोराला दाखवायचंय."

संध्याकाळी अँटवर्पला फोन लावला. सईने सगळं नीट ऐकून घेतलं आणि एकच शंका विचारली. झारा म्हणजे काय, ते तिला माहीत नव्हतं.